राक्षसाचं पहिलं पान

१

पान गेलं होतं.

एकवीस पानं होती, वीस उरली. पारदर्शक कप्प्यांची जाड फाइल, प्रत्येक कप्प्यात शाईनं काढलेलं एक मूळ चित्र, आणि पहिल्या पानाचा कप्पा रिकामा. फाइल टेबलावर पडली होती, पाठ डावीकडे, नावाची चिठ्ठी खाली. दुपारचे दोन वाजत होते. पाच वाजता छापखान्याची गाडी येणार होती.

"मावशी," झाडवाली म्हणाली, "माझे हात बघा." चित्रांतली झाडं काढणारे दोन्ही हात तिनं पुढे केले.

चूकमावशीनं हात बघितले नाहीत, फाइल बघितली. साठी ओलांडलेल्या या बाईचं खरं नाव सगळे विसरले होते. छापायच्या आधी पानांतल्या चुका शोधणं हे तिचं काम, म्हणून चूकमावशी. एकदा नऊ डोळ्यांच्या राक्षसाला घाईत दहा डोळे झाले होते. तो दहावा डोळा तिनंच पकडला. "म्हातारपणी पोरांची पुस्तकं तपासता का हो?" असं तिला विचारणारे शहाणे पुष्कळ भेटत. ती त्यांना सांगे, "हो. मोठ्यांची वाचून बघितली, त्यांत चुकाच चुका. कुठवर दुरुस्त करू?"

हे पोरांचं पुस्तक असं होतं. एक घड्याळ दुरुस्त करणारा माणूस सायकलवरून घरी निघतो आणि मरतो. पहिल्या अंकाच्या पहिल्या पानावर एवढंच: वळणावर आडवी पडलेली सायकल, चाक अजून फिरतंय, माणूस नाही. पान उलटलं की तो एका डबक्यात डोळे उघडतो. नऊ डोळे. पाठीवर शेवाळ, अंगाला चिखलाचा वास आणि तोंडच नाही. राक्षस होऊन जन्मलाय, पण बायको आठवतेय. पुढचे चौसष्ट अंक तो घरी चाललाय. लोक दगड मारतात, तो चालतो. आपण कोण हे सांगायला त्याला तोंड नाही. ज्यांना हा पोरखेळ वाटतो त्यांनी खुशाल वाटून घ्यावा. त्यांच्या घरी कोणी इतकं चालत येणार नाही.

हे काढणारे दादा. त्यांच्याच घरातल्या खालच्या खोलीत हे सगळं काम चाले. मांगा नावाच्या जपानी चित्रकथा वाचून वाचून ते स्वतःच शिकले, कुठल्या कलाशाळेचं तोंड त्यांनी बघितलं नव्हतं. त्या चित्रकथा उजवीकडून सुरू होतात आणि डावीकडे संपतात, म्हणून दादांचे अंकही तसेच, आणि ही फाइलही तशीच. राक्षस सुरू झाला त्याच वर्षी दादांचं हृदय पहिल्यांदा बिघडलं. उद्या सकाळी नऊला त्याच हृदयाची मोठी शस्त्रक्रिया होती. अकरा वर्षं ते डॉक्टरांना, पाहुण्यांना, दारावरच्या दूधवाल्यालासुद्धा एकच विनोद ऐकवत आले होते: "राक्षस घरी पोचेपर्यंत मला काही होत नाही."

शेवटच्या अंकात राक्षस घरी पोचला होता. आणि नेमकं त्याच अंकाचं पहिलं पान कोणीतरी पळवलं होतं.

"फोटो?" मावशीनं विचारलं आणि स्वतःच जीभ चावली. छापून येईपर्यंत कशाचाही फोटो काढायचा नाही, हा दादांचा नियम. खोलीत शिरण्याआधी सगळ्यांचे फोन बाहेर पत्र्याच्या डब्यात पडत.

"दादांना सांगायचं?" झाडवालीनं विचारलं.

"सांगून बघ. उद्याची वाट बघायलाच नको मग."

"मग करायचं काय?"

"दार लाव," मावशी म्हणाली. "आणि बस समोर. पहिली तूच."

२

झाडवाली दादांच्या हाताखाली सहा वर्षं होती. माणसं आणि राक्षस दादा काढत, बाकीचं सगळं ती. "जे श्वास घेत नाही ते हिच्याकडे," असं दादा म्हणत, आणि ती दर वेळी म्हणे, "झाडं घेतात श्वास, दादा."

"गेलेलं पान तुझंच ना?"

"सगळं माझं. घराचं बंद दार. बाकी काही नाही. पण दाराच्या लाकडाची एक एक रेघ आहे, मावशी. एकोणीस दिवस लागले. पायरी झिजलेली दाखवायला मी तीन दिवस नुसती पायऱ्या बघत फिरले."

"आणि अंकावर नाव दादांचं."

झाडवालीनं मान वर केली. "बोला की सरळ. चोरलं म्हणा."

"चोरलंस?"

"दादांनी ते पान मलाच देऊ केलंय. छापून झालं की मूळ चित्र तुझं, असं म्हणाले. मग चोरू कशाला? आणि ते छापलं गेलं नाही तर कोण बघणार ते? माझी आई बघणार? तिला तर मी अजून कारकुनी करते असंच वाटतंय."

मावशीला हसू आलं, पण तिनं ते गिळलं. "जेवणाच्या सुट्टीत कुठे होतीस?"

"मागे, निबा धूत होते. एक ते दीड. फाइल टेबलावर, खोली उघडी. चूक झाली, मान्य." तिनं फाइलीकडे बोट केलं. "पण मावशी, एक कळत नाही. चोरायचंच तर पहिलं पान कशाला? त्यात ना राक्षस, ना बायको. भांडण होईल ते शेवटच्या पानासाठी. ते तर जागेवर आहे."

चुका शोधण्यात अर्धं आयुष्य गेल्यावर माणसाला एक वास कळायला लागतो. वाईट काम आणि चुकलेलं काम यांचे वास वेगळे असतात.

इथे दुसरा वास येत होता. पण कोणाचं काय चुकलं होतं?

३

बाहेर पॅसेजमध्ये संपादक फेऱ्या मारत होते. ढेरीवर हात ठेवून चालायची त्यांची सवय होती, जसं काही तिथे कोणी झोपलंय.

"वाईट झालं," ते म्हणाले. "फार वाईट. पण मी काय म्हणतो मावशी, प्रत्येक वाईटात काहीतरी चांगलं असतं."

"तुमचं चांगलं काय ते सांगा."

"पहिलं पान नाही म्हणजे अंक नाही. हा महिना जाऊ दे. राक्षसाला जरा वाट चुकू द्या. दाराशी आला आणि कळलं, घर दुसऱ्याचं! मग अजून दहा अंक. वाचक सोडायला तयार नाहीत हो त्याला."

"आणि काढणार कोण? दादा उद्या ऑपरेशनच्या टेबलावर असणार आहेत."

संपादकांनी घसा साफ केला. "एक मुलगा आहे बघण्यात. हुबेहूब हात. फरक कळणार नाही."

मावशीला ते आता स्वच्छ दिसलं. आज पाचच्या गाडीनं पानं गेली नाहीत आणि उद्या दादा परत आले नाहीत, तर राक्षस कधीच घरी जाणार नाही. कोणी हुबेहूब हाताचा मुलगा त्याला वर्षानुवर्षं चिखलातून फिरवत राहील आणि हे गृहस्थ अंकामागून अंक काढतील. अकरा वर्षं चालून दारात पोचलेल्या जिवाला कॉलर धरून मागे ओढायचं!

"पान तुम्ही घेतलंत," ती म्हणाली.

"मी?" संपादकांची ढेरीसुद्धा दचकली. "अहो, सकाळी याच पॅसेजमध्ये मी घसा फोडून सांगत होतो, शेवटचं पान सांभाळा, ते गेलं तर अंकच निघणार नाही! सगळ्या घरानं ऐकलंय. चोर असा दवंडी पिटतो का?"

"अंक बुडवायचाय तुम्हाला."

"बुडवायचाय! लपवतोय का मी?" ते खरंच चिडले. "पण मग मी शेवटचंच पान घेतलं असतं ना. पहिल्या पानात काय आहे, दार! दार तर मी त्या मुलाकडून दोन दिवसांत काढून घेईन. मी नीच असेन, मावशी. मूर्ख नाही."

हे मात्र खरं होतं. मावशीला ते मान्य करताना दात दुखल्यासारखं झालं.

दादा वर पलंगावर होते. आता घरात विचारायला एकच माणूस उरला होता.

४

पॅसेजच्या टोकाला वहिनींची शिवणाची खोली. दादांची बायको म्हणून सगळ्यांच्या वहिनी. त्या कोट आणि गणवेश शिवत आणि मशीनच्या आवाजावर बोलायची सवय झाल्यामुळे मशीन बंद असलं तरी मोठ्यानं बोलत.

आज मशीन बंद होतं आणि त्या हळू बोलत होत्या.

"बसा, मावशी. चहा टाकू?"

"नको. वहिनी, एक ते दीड कोणी आलं-गेलं का इथून?"

"मी मशीनवर होते. मान वर काढायला फुरसत कुठे? उद्याची बॅगही भरायचीय. टॉवेल, चादर, दोन सदरे. कवळी नेऊ नका म्हणालेत दवाखान्यात."

"दादांनी शेवट दाखवला का तुम्हाला?"

"मला कोण दाखवतंय! छापून आलं की वाचीन, नेहमीसारखं."

"सगळे अंक वाचलेत ना तुम्ही?"

"म्हणजे काय! घरचा राक्षस." वहिनी हसल्या. मग हातातल्या कापडाच्या तुकड्याची घडी घालत म्हणाल्या, "पहिल्या अंकाचा शेवट अजून डोळ्यांपुढे आहे बघा. ती आडवी सायकल. चाक फिरतंय आणि माणूस नाही. दोन दिवस घास उतरला नव्हता मला."

"हो," मावशी म्हणाली. "कोणालाही रडू येईल."

ती उठली आणि दादांना बघायला जिना चढून वर गेली.

दादा उशीला टेकून बसले होते. उजवा हात चादरीवर थरथरत होता. तो हात धरून ठेवत त्यांनी शेवटची नऊ पानं काढली होती हे मावशीला माहीत होतं. त्यातल्या रेघा तिनं भिंग लावून तपासल्या होत्या आणि एकही चूक सांगितली नव्हती. आयुष्यात पहिल्यांदा.

"खाली कसली कुजबुज चाललीय?"

"संपादक आलेत. ते असले की कुजबुज असतेच."

"गाडी गेली का?"

"पाचला येते. जाईल."

"तुम्हाला खोटं बोलता येत नाही, मावशी. येत असतं तर चुका कशाला शोधल्या असत्या?" दादांनी डोळे मिटले. "मला एवढंच कळवा, तो घरी पोचला म्हणून. मग मी निवांत झोपतो आणि कापतात तर कापू देत."

"दादा, एक विचारू? हे सगळं कोणासाठी काढलंत?"

"विचारायची गोष्ट आहे का?" ते डोळे मिटूनच म्हणाले. "बायकोला तोंडानं सांगायची माझी हिंमत नव्हती. म्हटलं, वाचेल. वाचते म्हणाली. पण अकरा वर्षांत एक अक्षर बोलली नाही त्याबद्दल. आवडलं नसेल."

मावशी जिना उतरायला लागली. तिसऱ्या पायरीवर तिचा पाय थांबला.

सायकल पहिल्या अंकाच्या शेवटी नव्हतीच.

५

ती पुन्हा शिवणाच्या खोलीत गेली आणि आतून कडी घातली.

"वहिनी, कोणालाही बोलवणार नाही मी. नुसतं ऐका. चुकलं तर सांगा, मी चूकमावशी आहे, मला चूक दाखवली तर राग येत नाही."

"पहिलं पान चोरून कोणाचाच फायदा नाही. झाडवालीचं तर नुकसानच. संपादकाला अंक बुडवायचाय, पण त्याला शेवटचं पान लागलं असतं, आणि ते कुठे असतं हे त्याला झोपेतही कळतं. म्हणजे ज्यानं पान नेलं त्यालाही शेवटचंच हवं होतं. फक्त त्यानं फाइल आपल्या रोजच्या पुस्तकासारखी धरली. पाठ डावीकडे, नावाची चिठ्ठी खाली. तशीच सापडली आम्हाला. तशी धरली की शेवटी काय येतं? पहिलं पान. या घरात कामाला असलेलं कोणीही अशी चूक करणार नाही. ती चूक करेल तो, ज्यानं राक्षसाचा एकही अंक वाचलेला नाही."

"मी वाचलेत," वहिनी म्हणाल्या, पण इतक्या हळू, की मशीन चालू असतं तर ते त्यांचं त्यांनाही ऐकू आलं नसतं.

"तुम्ही एकच अंक उघडलात. पहिला. तोही उलट्या बाजूनं. बोलण्याची संगती लागेना, म्हणून नुसती चित्रं बघत गेलात. आधी राक्षस दिसला. आणि शेवटी पडलेली सायकल आणि कोणीच नाही. तुम्हाला वाटलं, नवऱ्याचं हृदय बिघडलंय आणि त्यानं आपलं मरण काढून ठेवलंय. अंक मिटलात तो मिटलात."

वहिनींनी कापडाचा तुकडा तोंडावर धरला. बराच वेळ त्यांचे खांदे हलत होते. मावशीनं त्यांना थोपटलं नाही. ती थोपटणारी बाई नव्हती. तिनं मशीनपुढचं स्टूल ओढलं आणि गुडघ्याला गुडघा लागेल अशी बसली.

"राक्षस घरी पोचेपर्यंत काही होत नाही," वहिनी कापडातून म्हणाल्या. "अकरा वर्षं ऐकतेय मी. तुम्ही सगळे हसता. मी मोजत होते. आज संपादक ओरडले, शेवटचं पान गेलं तर अंक निघणार नाही. म्हटलं, नको निघू दे. पोचूच नये तो. उद्याचा दिवस जाऊ दे, मग देईन परत. डोळे मिटून सगळा गठ्ठा उलटला आणि शेवटचं ओढलं. इथे येऊन बघितलं तर..."

"तर बंद दार."

"बंद दार! कोणी नाही. चालत आला बिचारा आणि दार बंद. मी उघडलंच नाही असं काढलंय त्यांनी. मी उघडणार नाही असं वाटलं त्यांना?"

त्यांनी कापायच्या टेबलावरची चादर उचलली. खाली, कोटाच्या कागदी नमुन्यांच्या मधे, ते पान होतं. एकही सुरकुती नाही. शिवणाऱ्या हातांनी ठेवलेलं.

मावशीनं पान घेतलं नाही. ती उठली, बाहेर गेली आणि फाइल घेऊन आली. डाव्या बाजूचा शेवटचा कप्पा उघडून तिनं त्यातलं चित्र वहिनींच्या मांडीवर ठेवलं.

"तुम्ही जो शेवट समजलात तिथून सुरू होतं," ती म्हणाली. "शेवट हा आहे."

चित्रात तेच दार होतं, पण उघडं. दारात एक बाई, हातात कापड, गळ्यात मापाची टेप लोंबतेय. समोर नऊ डोळ्यांचा शेवाळलेला राक्षस खांदे पाडून उभा. त्यानं काही सांगितलेलं नाही, त्याला तोंडच नाही. बाई मात्र बोललीय. दादांनी पेन्सिलीनं दोनच ओळी लिहिल्या होत्या:

"अहो, किती हा उशीर! पाय पुसून आत या."

वहिनींनी ते एकदा वाचलं. पुन्हा वाचलं. राक्षसाला कोणी अहो म्हणतं का? दगड मारतात त्याला. अहो म्हणायचं ते एकाच माणसाला.

"हिनं ओळखलं कसं?" त्यांनी विचारलं.

"ते मला काय विचारता? वर आहे तो, त्याला विचारा."

वहिनींनी डोळे पुसले, चित्र जवळ धरलं आणि एकदम कपाळाला आठी घातली. "ही बाही बघा. खांद्यावर अशी चुणी येते का कधी? अकरा वर्षं शेजारी बसून बाई काढली, आणि हिला बाही नीट देता आली नाही या माणसाला!"

मावशीनं चष्मा लावून बघितलं. खरंच चूक होती. तिला दिसली नव्हती.

"दुरुस्त करायची?" तिनं विचारलं. "झाडवाली करेल. वेळ आहे."

"नको," वहिनी घाईनं म्हणाल्या. "राहू दे. अशीच जाऊ दे."

६

पाचला गाडी आली. एकवीस पानं गेली. संपादक शेवटपर्यंत विचारत होते की पान कुठे सापडलं, आणि मावशी शेवटपर्यंत सांगत होती, "टेबलावर. शिवणाच्या नव्हे, कुठल्याशा टेबलावर." झाडवालीला काय कळायचं ते कळलं. तिनं फक्त विचारलं, "वहिनींना माझं दार कसं वाटलं?"

"रडल्या," मावशी म्हणाली.

झाडवालीनं तोंड फिरवलं आणि धुतलेल्या निबा पुन्हा धुवायला निघून गेली.

वर, वहिनी पलंगाच्या कडेला बसल्या होत्या. मांडीवर जुन्या अंकांचा गठ्ठा. मावशी निरोप सांगायला दारापर्यंत आली आणि तिथेच थांबली.

"पोचला तो घरी," वहिनी दादांना सांगत होत्या. "मीच घेतला आत. आता मला सांगा, हे धरायचं कसं?"

दादा उशीवरून सरळ झाले. मग त्यांनी पहिला अंक वहिनींच्या हातात फिरवून दिला. "अशी. पाठ उजव्या हाताला. इकडून."

"वाचला नव्हता मी. एकही."

"अगं पण तू तर..."

"खोटं बोलले. तुम्ही काय कमी बोललात? काही होत नाही, काही होत नाही!" त्यांनी पान उघडलं. "गप्प बसा आता. मला वाचू दे."

सायकल आली. वहिनींनी श्वास धरला आणि पान उलटलं. डबक्यात नऊ डोळे उघडले. वहिनी हसल्या, आधी नाकातून, मग मोठ्यानं, मशीनवर हसायच्या तशा. "अगंबाई! हे तर तुम्हीच. सकाळी उठल्यावरचे."

दोघं वाचत राहिले. मधे जेवण झालं, गोळ्या झाल्या. राक्षसाला गावानं हाकललं तेव्हा वहिनींनी गावाला शिव्या घातल्या. सातव्या अंकात तो एका बंद पडलेल्या घड्याळापाशी थांबला आणि चिखलाच्या बोटांनी ते चालू केलं. तिथे वहिनींनी अंक मिटला, सगळे अंक नीट एकावर एक रचले आणि गठ्ठ्याला दोरा बांधला. घट्ट, दुहेरी गाठ.

"का थांबलीस?" दादांनी विचारलं. "अजून झोप नाही आली मला."

"सात झाले. उरलेले अठ्ठावन्न तुम्ही परत आल्यावर."

"चुटपुट लागून राहील तुला. वाच की पुढे. तुला शेवट माहीतच आहे."

"म्हणून काय झालं? मधलं माहीत नाही." त्यांनी गठ्ठा उद्याच्या बॅगेत भरला नाही, कपाटातही ठेवला नाही. पलंगावर, दादांच्या उशीशेजारी ठेवला. "मी एकटी वाचणार नाही. सांगून ठेवते. तेव्हा यायचं."